‘जरा येऊन जा, दहा मिनिटांचं काम आहे’ : पोलीस चौकशी आणि आपले हक्क

माणदेशी (धागाकर्ता)

नमस्कार मंडळी. इथं बरीच वर्षं वाचतोय, धागा मात्र पहिल्यांदाच काढतोय.

गेल्या पावसाळ्यात माझ्या थोरल्या चुलत्यांना पोलीस ठाण्यातून फोन आला. "साहेबांनी बोलावलंय, जरा येऊन जा. दहा मिनिटांचं काम हाय." काका ६७ वर्षांचे. गावच्या दूध संस्थेत हिशेब लिहायला बसतात. संस्थेच्या बिलवाटपात १ लाख ८४ हजारांची तूट निघाली होती आणि तशी तक्रार गेली होती. काका धुतलेला सदरा आणि टोपी घालून सकाळी अकराला एसटीनं गेले. परत आले रात्री साडेनऊला.

जवळपास दहा तास बाकड्यावर. कुणी हात लावला नाही, शिवी दिली नाही. "बसा, साहेब बंदोबस्ताला गेलेत" एवढंच. काकांना शुगर आहे. दुपारची गोळी खिशात होती, पण ती जेवून घ्यायची असते आणि "जेवून येऊ का" एवढं विचारायचा धीर त्यांना झाला नाही. मोबाईल एकानं मागून घेतला आणि पॅटर्न विचारला. काकांनी टेबलावर बोटानं काढून दाखवला. संध्याकाळी जबाब लिहिला, वाचून दाखवला नाही, खाली सही घेतली. मोबाईल ठेवून घेतला, पावती दिली नाही.

पुढे तूट निघाली हिशेबातल्या घोळाची. एकाच बिलाची दोनदा नोंद झाली होती. मोबाईल २२ दिवसांनी मिळाला. काका अजून पारावर जात नाहीत. "दिवसभर ठाण्यात बसवला होता" एवढं गावाला पुरतं.

मी पोलिसांच्या विरोधात नाही. तक्रार आली तर हिशेब लिहिणाऱ्याला आधी विचारणारच, विचारायलाच हवं. पण ते दहा तास म्हणजे नेमकं काय होतं? अटक असती तर घरी कळवावं लागलं असतं, २४ तासांत मॅजिस्ट्रेटपुढे न्यावं लागलं असतं, काहीतरी कागद झाला असता. अटक नव्हती म्हणावं, तर काका उठून स्टँडवर जाऊ शकले असते का? पोलिसांच्या अधिकाराला माझी हरकत नाही. तो अधिकार कागदावर कुठेच न उमटता वापरला जातो, हे मला सलतंय. जाणकारांनी सांगावं.

सायली_डोंबिवली

वाचून पोटात तुटलं. काकांची तब्येत आता कशी आहे?

माणदेशी

तब्येत बरी आहे, ताई. मन बरं नाही.

फौजदारी_वकील

माणदेशी, काकांच्या बाबतीत कायदा स्पष्ट आहे, म्हणून आधी तोच सांगतो.

१ जुलै २०२४ पासून जुन्या सीआरपीसीच्या (फौजदारी प्रक्रिया संहितेच्या) जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली. तिच्या कलम १७९ प्रमाणे साक्षीदार म्हणून कुणाला बोलवायचं तर लेखी आदेश लागतो. ६० वर्षांवरचे पुरुष, १५ वर्षांखालची मुलं, कुठल्याही वयाच्या स्त्रिया, अपंग आणि गंभीर आजारी माणसं यांना ठाण्यात यायला लावता येत नाही. त्यांचा जबाब ते राहतात तिथं जाऊन घ्यायचा. जुन्या कायद्यात पुरुषांसाठी हे वय ६५ होतं. मात्र तिथंच एक फट आहे. अशी व्यक्ती स्वतःहून यायला तयार असेल तर येऊ द्यावं, असंही कलमात लिहिलंय. फोनवर "जरा येऊन जा" म्हटल्यावर मुकाट निघालेला माणूस उद्या कागदोपत्री "स्वखुशीने हजर" होतो, तो या फटीतून.

संशयित म्हणून बोलवायचं तर कलम ३५(३) ची नोटीस द्यायची, म्हणजे जुन्या कायद्यातली ४१-अ. नोकरानं केलेल्या अपहाराला जास्तीत जास्त ७ वर्षं शिक्षा आहे. ७ वर्षांपर्यंतच्या गुन्ह्यांत सरसकट अटक करू नका, अटक का हवी ते लिहून ठेवा, असं सर्वोच्च न्यायालयानं २०१४ मध्ये अर्नेश कुमार प्रकरणात बजावलं आहे. ही नोटीस व्हॉट्सअ‍ॅपवर टाकून चालत नाही, हेही जानेवारी २०२५ मध्ये न्यायालयानं सांगितलं.

जबाबावर सही : कलम १८१ सांगतं की पोलिसांनी लिहून घेतलेल्या जबाबावर देणाऱ्याची सही घ्यायचीच नाही. तरी घेतली जाते, आणि लोकांना वाटतं आपण बांधले गेलो.

मोबाईल : जप्त केला तर पंचनामा हवा, यादी हवी, आणि कलम १०५ प्रमाणे जप्तीचं चित्रीकरण हवं. "ठेवून घेतला" अशी काही प्रक्रिया कायद्यात नाही.

आता काम सांगतो. ठाण्याला आणि पोलीस अधीक्षकांना अर्ज करा की त्या तारखेचं सकाळी अकरा ते रात्री साडेनऊचं सीसीटीव्ही चित्रण जपून ठेवावं. परमवीर सिंग सैनी निकालात, डिसेंबर २०२० मध्ये, प्रत्येक ठाण्यात कॅमेरे लावा आणि चित्रण १८ महिने, निदान वर्षभर तरी ठेवा, असा आदेश झाला आहे. माहिती अधिकारात त्या दिवशीची स्टेशन डायरी, म्हणजे ठाण्याची रोजची नोंदवही, मागा. महाराष्ट्रात २०१४ च्या दुरुस्तीनं पोलीस तक्रार प्राधिकरण आलं आहे, तिथंही तक्रार करता येते. जिथं कागद द्याल तिथली पोच घ्या, शिक्का आणि तारखेसह.

हिंजवडीकर

वाचनखूण साठवली. वकील साहेब, मोबाईलचं थोडं खोलात सांगा ना. पॅटर्न सांगायला नकार देता येतो का? आज बँक, आधार, बायकोशी बोलणं, डॉक्टरांचे रिपोर्ट, सगळं त्या एका फोनमध्ये आहे. घराची झडती घ्यायला किती नियम, आणि फोन मात्र "दाखव रे" म्हणून हातातून काढून घेतात. नाकाबंदीत माझ्या मित्राची गॅलरी चाळली होती.

फौजदारी_वकील

घटनेच्या अनुच्छेद २०(३) प्रमाणे आरोपीला स्वतःविरुद्ध साक्ष द्यायची सक्ती करता येत नाही. पण १९६१ मध्ये मुंबई राज्य विरुद्ध काठी कालू ओघड या निकालात ११ न्यायमूर्तींच्या पीठानं ठरवलं की बोटांचे ठसे, हस्ताक्षराचा नमुना या गोष्टी साक्षीत मोडत नाहीत. २०१० च्या सेल्वी निकालात मात्र नार्को, पॉलिग्राफ आणि ब्रेन मॅपिंग माणसाच्या संमतीशिवाय करता येणार नाही असं ठरलं, कारण तिथं मनातलं बाहेर काढलं जातं.

आता फोनचा विचार करा. तोच फोन बोटानं उघडला तर ठसा, आणि पॅटर्ननं उघडला तर मनातली गोष्ट! यावर वेगवेगळ्या न्यायालयांची मतं एकसारखी नाहीत. माझं मत विचाराल तर फोनची झडती ही घराच्या झडतीपेक्षा मोठी आहे आणि तिला तसाच लेखी, कारण दिलेला आदेश हवा. नव्या संहितेच्या कलम ९४ मध्ये पोलिसांना फोन, लॅपटॉप मागवण्याचा अधिकार स्पष्ट लिहून दिलाय. पण त्यातलं काय बघायचं, काय नाही, बघून झाल्यावर प्रतीचं काय करायचं, यावर कायदा गप्प आहे. अधिकार लिहिला, हद्द लिहायची राहिली.

नाकाबंदीत परवाना, गाडीचे कागद मागू शकतात. गॅलरी नाही.

निवृत्त_फौजदार

माणदेशी, त्या खात्यात आयुष्य गेलेला माणूस म्हणून तुमच्या काकांची माफी मागतो. साहेब नव्हते तर "उद्या या" म्हणता आलं असतं.

आता आतली बाजूही ऐका. शिपाई म्हणून लागलो, ३४ वर्षांनी फौजदार म्हणून बाहेर पडलो. तालुक्याच्या ठाण्यात एकेका तपासी अंमलदाराकडे पंचवीस-तीस गुन्हे असायचे. सकाळी तपासाला निघावं तर मंत्र्यांचा दौरा. गणपती झाले की नवरात्र, मग यात्रा, मग निवडणूक. कोर्टाची तारीख असली की दिवस तिथंच. प्रकाश सिंग खटल्यात २००६ साली सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की तपास करणारे आणि बंदोबस्त करणारे वेगळे ठेवा. मी निवृत्त होईपर्यंत माझ्या ठाण्यात दोन्ही कामं एकाच माणसाच्या अंगावर होती. नोटीस काढायची म्हणजे टाईप करा, जावक क्रमांक घाला, बजावायला माणूस पाठवा, आणि माणूस तर बंदोबस्ताला गेलेला. फोन एका मिनिटात होतो, म्हणून फोन होतो. आणि फोन करताना आपण काही चुकीचं करतोय असं आम्हाला वाटतच नव्हतं, हे खरं दुखणं.

एक गोष्ट आजवर घरच्यांना सोडून कुणाला सांगितली नाही. नोकरीच्या सुरुवातीच्या वर्षांत एका वाड्यावर घरफोडी झाली. दागिने गेले. वाड्याच्या मालकाचं वजन मोठं, वरून रोज फोन, "आरोपी कुठंय?" शेजारच्या वस्तीतला एक पोरगा उचलला. एकोणीस-वीस वर्षांचा असेल. मारला. मीही मारला. दुसऱ्या रात्री म्हणाला, दागिने विहिरीत टाकलेत. पंच बोलावले, विहिरीवर नेलं, त्यानं काठावर उभं राहून बोट दाखवलं. दोन दिवस पंप लावून विहीर उपसली. तळाशी चिखल, एक फुटकी कळशी आणि गाडीचा टायर. बाकी काही नाही. मार थांबावा म्हणून पोरानं विहीर सांगितली होती. काही महिन्यांनी दुसऱ्या जिल्ह्यात एक टोळी धरली, तिच्याकडे तो मुद्देमाल निघाला. त्या दोन दिवसांत आम्ही त्या टोळीच्या मागावर असतो तर? आणि पोराचं काय? उजव्या हाताची दोन बोटं त्याची नीट वळायची नाहीत. पुढं बाजारात दिसला की मी रस्ता बदलायचो.

पोलिसापुढचा कबुलीजबाब कोर्टात चालत नाही, हे १८७२ च्या पुरावा कायद्यापासून आहे आणि नव्या साक्ष अधिनियमातही कायम आहे. लोक विचारतात, आपल्याच पोलिसांवर कायद्याचा विश्वास का नाही? मी त्या विहिरीकडे बघितलंय, मला तो प्रश्न पडत नाही. आमच्या बोधचिन्हावर ‘सद्रक्षणाय खलनिग्रहणाय’ लिहिलंय. त्यात सद्रक्षण आधी आहे.

एका बाबतीत मात्र वकील साहेबांशी माझं पटणार नाही. नव्या संहितेच्या कलम १८७ नं पोलीस कोठडीचे १५ दिवस पहिल्या ४० किंवा ६० दिवसांत तुकड्यातुकड्यानं घेता येतात. हे व्हायलाच हवं होतं. पैसेवाला आरोपी अटक झाली की छातीत दुखतंय म्हणून दवाखान्यात झोपायचा, १५ दिवस तिथंच संपवायचा आणि आम्ही हात चोळत बसायचो.

फौजदारी_वकील

फौजदार साहेब, विहिरीची गोष्ट लिहिलीत, मनापासून नमस्कार.

दवाखान्याचं तुमचं म्हणणं खरं आहे, मी असे आरोपी पाहिलेत. पण माझे बहुतेक अशील दवाखान्यात झोपणारे नसतात. रोजंदारीवरचे असतात. पूर्वी १५ दिवसांनंतर निदान कळायचं की आता मारहाणीची भीती गेली, आता जामिनाचं बोलू. आता ४० दिवसांत केव्हाही "उरलेले चार दिवस द्या" म्हणून अर्ज येऊ शकतो, आणि तो बाकी आहे म्हणून जामिनाला विरोध होतो. दवाखान्यातल्या एकासाठी केलेली तरतूद बाकीच्या नव्याण्णवांच्या मानेवर टांगती राहते.

एक चांगलं सांगतो. अटकेची कारणं लेखी, आरोपीला समजेल अशा भाषेत, आणि रिमांडसाठी मॅजिस्ट्रेटपुढे नेण्याच्या किमान दोन तास आधी द्यायची, असं सर्वोच्च न्यायालयानं नोव्हेंबर २०२५ मध्ये सर्वच गुन्ह्यांसाठी ठरवलं. वरळीच्या बीएमडब्ल्यू अपघाताच्या प्रकरणातून हा निकाल आला. श्रीमंताच्या खटल्यातून आला तरी त्याचा उपयोग माझ्या रोजंदारीवाल्याला होणार आहे. मराठी माणसाला मराठीत कागद.

सायली_डोंबिवली

मला वेगळी बाजू मांडायची आहे. इथं सगळे आरोपीच्या हक्कांवर बोलताहेत, पण तक्रारदारसुद्धा नागरिकच की.

माझ्या आईचं मंगळसूत्र स्टेशनबाहेरच्या गल्लीत दुचाकीवरून आलेल्या दोघांनी ओढलं. मानेवर लाल वळ उठला होता. आम्ही तशाच ठाण्यात गेलो. पहिला प्रश्न, "हिसकावलं की पडलं?" आईनं मानेवरचा वळ दाखवला. तरी "गहाळ" म्हणून लिहून द्या, दाखला लगेच मिळेल, असं समजावत राहिले. मोबाईल चोरीचंही हेच करतात, चोरीचं "गहाळ" होतं. म्हणजे गुन्हाच नाही, मग तपासही नाही. ओळखीच्या वकिलांना घेऊन गेलो तेव्हा नवव्या दिवशी गुन्हा नोंदवला. त्या गल्लीतल्या सोसायटीचा कॅमेरा सात दिवसांचंच चित्रण ठेवतो. दोन दिवसांनी हुकलं. सेक्रेटरी काका रिकामा स्क्रीन दाखवत होते आणि आई नुसती बघत होती.

म्हणून मला पोलिसांचे अधिकार कमी नको आहेत. मला ते वेळेवर वापरलेले हवे आहेत.

फौजदारी_वकील

सायलीताई, दखलपात्र (म्हणजे पोलीस वॉरंटशिवाय अटक करू शकतात अशा) गुन्ह्याची खबर दिली की एफआयआर नोंदवणं बंधनकारक आहे. २०१३ चा ललिता कुमारी निकाल, पाच न्यायमूर्तींचा. नव्या संहितेत ३ ते ७ वर्षांच्या आतल्या शिक्षेच्या गुन्ह्यांत उपअधीक्षकांच्या परवानगीनं १४ दिवसांची प्राथमिक चौकशी करता येते, आणि हिसकावणीला ३ वर्षांपर्यंत शिक्षा असल्यानं ती त्यात बसवली जाते. ही तरतूद मला पटलेली नाही. तुमच्या सात दिवसांच्या कॅमेऱ्यापुढे १४ दिवसांची चौकशी काय कामाची?

नोंदवून घेत नसतील तर कलम १७३(४) प्रमाणे अधीक्षकांकडे (शहरात उपायुक्तांकडे) टपालानं तक्रार पाठवा, तिथंही झालं नाही तर मॅजिस्ट्रेटकडे अर्ज. गुन्हा नोंदवल्यावर तपासाची प्रगती ९० दिवसांत तक्रारदाराला कळवायची, हे कलम १९३ मध्ये नव्यानं आलंय. ते मागून घ्या.

पालावरचा_मास्तर

सगळं वाचलं. एक सांगू का माणदेशी दादा, राग मानू नका. तुमच्या काकांना फोन तरी आला.

मी पारधी आहे. आश्रमशाळेत शिकवतो. आमच्याकडे फोन येत नाही, जीप येते. पंचक्रोशीत घरफोडी झाली की पहिली जीप पालावर. इंग्रजांनी १८७१ साली कायदा करून आमच्यासारख्या जमाती जन्मजात गुन्हेगार ठरवल्या. तारेच्या कुंपणात ठेवायचे, हजेरी घ्यायचे. सोलापुरात त्या जागेला आजही सेटलमेंटच म्हणतात. ३१ ऑगस्ट १९५२ ला तो कायदा गेला, आम्ही विमुक्त झालो. मग सराईत गुन्हेगारांचा कायदा आला, मुंबई राज्याचा १९५९ चा. नाव बदललं, जीपचा रस्ता तोच राहिला.

आमच्या पालावर प्रत्येक घरात एक पत्र्याची डबी असते. आधार, शिधापत्रिका, पोरांचे शाळेचे दाखले, ऊसतोडीच्या मुकादमाची चिठ्ठी, सगळं प्लास्टिकमध्ये गुंडाळून. पोलीस आले की बाया आधी ती डबी काढतात. आम्ही अमुक तारखेला कारखान्यावर होतो, हे दाखवायला. डबी उघडून बघणारा साहेब मी दोनदाच पाहिला. एकदा दहावीच्या भूगोलाच्या पेपरच्या आदल्या रात्री माझ्या एका विद्यार्थ्याच्या बापाला नेलं. पोरगं रात्रभर ठाण्याच्या कंपाउंडबाहेर बसलं आणि सकाळी पेपरला गेलंच नाही. बापाला दुपारी सोडला, काही निघालं नाही म्हणून. कुठं नोंद? कुठंच नाही. पोराचं वर्ष गेलं, त्याची नोंद मात्र गुणपत्रिकेवर आहे.

२०२२ च्या ओळख कायद्यानं अटक झालेल्यांचे बोटांचे, बुबुळांचे ठसे ७५ वर्षं ठेवता येतात. निर्दोष सुटला तर पुसायची तरतूद आहे म्हणतात. ते पुसलं की नाही, हे पालावरचा माणूस कुणाला विचारणार? ऑक्टोबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं तुरुंगातल्या जातिभेदावर निकाल देताना विमुक्तांना मनमानी अटक करू नका असंही सांगितलं. मी तो भाग मराठीत लिहून शाळेच्या फळ्यावर लावलाय. पोरं वाचतात.

निवृत्त_फौजदार

मास्तर, विहिरीवरचा तो पोरगा पारधीच होता. मघाशी लिहिताना मी "शेजारच्या वस्तीतला" लिहिलं.

पालावरचा_मास्तर

कळलं होतं, साहेब.

लेस्टरकर

मी इंग्लंडमध्ये पोलीस ठाण्यांत दुभाष्याचं काम करतो, मराठी, हिंदी, गुजरातीसाठी. काकांच्या गोळीचं वाचून राहवलं नाही.

इथं कुणाला आत आणलं की आधी कस्टडी सार्जंटपुढे उभं करतात. हा अधिकारी तपासाशी संबंधित नसतो, त्याचं काम फक्त आणलेल्या माणसाची जबाबदारी. तो प्रत्येकाला तेच विचारतो : कुठली औषधं घेता, कुठला आजार आहे, कुणाला कळवायचं, वकील हवा का. वकील फुकट मिळतो. सगळं लिहून होतं, घड्याळ सुरू होतं. २४ तास. गंभीर गुन्ह्यात वरिष्ठ अधिकारी ३६ पर्यंत नेऊ शकतो, पुढे मॅजिस्ट्रेटची परवानगी, जास्तीत जास्त ९६. मधुमेह म्हटलं की जेवणाची वेळ त्या नोंदीत येते. मी स्वतः भाषांतर करून सांगितलंय, "आजोबा, तुमचं जेवण कधी झालं ते विचारताहेत."

हे आपोआप आलेलं नाही. १९७२ साली लंडनमध्ये कॉन्फेट नावाच्या माणसाचा खून झाला, तीन पोरांचे कबुलीजबाब घेऊन त्यांना शिक्षा झाली, १९७५ साली ती रद्द करावी लागली. त्यावरून चौकशी, आयोग, आणि शेवटी १९८४ चा पोलीस व पुरावा कायदा. त्यातलं कलम २९ तुमच्या धाग्याचंच आहे. अटक नसताना जो माणूस ठाण्यात आलाय, तो वाटेल तेव्हा उठून जाऊ शकतो. थांबवायचं असेल तर त्याला लगेच तसं सांगून अटक करा. मधली जागाच ठेवलेली नाही.

इथंही सगळं गोड नाही. रस्त्यावर थांबवून झडती घेताना काळ्या लोकांना गोऱ्यांपेक्षा कितीतरी जास्त वेळा थांबवतात. मास्तरांच्या जीपचा रस्ता इथंही आहे. पण त्या प्रत्येक झडतीची नोंद असते, म्हणून तो फरक मोजता येतो आणि दरवर्षी त्यावर भांडता येतं.

नाशिककर

माझं मत बहुतेकांना आवडणार नाही, पण मनापासून लिहितोय.

माझे वडील ७१ वर्षांचे, निवृत्त मुख्याध्यापक. त्यांना तीन दिवस "डिजिटल अटक" करून ठेवलं होतं. व्हिडिओ कॉलवर वर्दीतला माणूस, मागं बोधचिन्ह, "तुमच्या आधारवर पार्सल सापडलंय, कॅमेऱ्यासमोरून हलायचं नाही." बाबा बाथरूमला जातानासुद्धा परवानगी मागत होते. नऊ लाख गेले. मी १९३० या सायबर फसवणुकीच्या मदत क्रमांकाला फोन केला तोवर पैसे एका खात्यातून दुसऱ्या, तिसऱ्या खात्यात फिरून गेले होते. तपास अधिकारी भला माणूस होता, म्हणाला बँकेला पत्र, टेलिकॉम कंपनीला पत्र, दुसऱ्या राज्यात जायचं तर परवानगी. चोर मिनिटांत पळतो आणि पोलीस पत्रं लिहितात. तुम्ही म्हणता अजून कागद वाढवा. मी म्हणतो त्यांचे हात मोकळे करा. माझ्या बापाचे हक्क कुणी जपले?

सायली_डोंबिवली

नाशिककर, तुमचं दुःख समजतंय, माझं चित्रण दोन दिवसांनी हुकलं तेव्हा मीही असंच बोलत होते. एक विचारू? बाबांनी तीन दिवसांत त्या माणसाकडे कागद का मागितला नाही?

नाशिककर

मीही हेच विचारलं होतं. बाबा म्हणाले, "पोलिसांना कागद कसा मागायचा? ते चिडले तर?"

सायली_डोंबिवली

माणदेशींचे काका त्याच भीतीनं जेवायला उठले नाहीत. खरे पोलीस फोनवर तोंडी हुकूम सोडतात, म्हणून खोट्या पोलिसाचा तोंडी हुकूम आपल्याला खरा वाटतो. व्हिडिओ कॉलवर अटक अशी गोष्टच कायद्यात नाही, हे पंतप्रधानांनी ऑक्टोबर २०२४ मध्ये ‘मन की बात’मधून सांगितलं. पण ज्या माणसानं आयुष्यभर पोलिसांकडून लेखी काही येताना पाहिलंच नाही, त्यानं फरक ओळखायचा कसा?

नाशिककर

याचा विचार केला नव्हता. पण बँका आणि कंपन्यांकडून माहिती तासाभरात मिळायला हवी, यावर मी ठाम आहे.

निवृत्त_फौजदार

त्यात माझी तुम्हाला पूर्ण साथ. पैशाचा माग काढायला वेग द्या. माणसाला बसवून ठेवायला वेग कशाला लागतो?

माणदेशी (धागाकर्ता)

मंडळी, तीन आठवड्यांनी लिहितोय. वकील साहेबांनी सांगितलं तसे अर्ज केले, सगळ्यांची पोच आहे.

मधे ठाण्यातून परत फोन आला. प्रकरण बंद करायचंय, काकांचा पुरवणी जबाब हवा, जरा येऊन जा. मी घरीच होतो, पण फोन काकांच्या हातात होता. त्यांनी माझ्याकडे बघितलं, घसा साफ केला आणि म्हणाले, "साहेब, कागद पाठवा. मी घरीच हाय." पलीकडं थोडा वेळ शांतता. मग "बरं".

दुसऱ्या दिवशी एक हवालदार मोटरसायकलवर आले. नोटीस दिली, काकांनी चष्मा लावून दोनदा वाचली. ओसरीवर बसून चाळीस मिनिटांत जबाब झाला. वाचून दाखवला. बिलाचा एक आकडा चुकला होता, तो काकांनी दुरुस्त करून घेतला. सही मागितली नाही. काकूनं चहा केला.

सीसीटीव्हीचं मात्र उत्तर आलंय की त्या दिवशी डीव्हीआर, म्हणजे चित्रण साठवणारं यंत्र, नादुरुस्त होता. आणि स्टेशन डायरीत त्या तारखेला काकांचं नावच नाही. म्हणजे काका तिथं नव्हतेच. काका पारावर अजून जात नाहीत. काल देवळापर्यंत गेले होते.

फौजदारी_वकील

डीव्हीआर नादुरुस्त होता हे त्यांनी लेखी दिलंय ना? छान. मग तो कधी बिघडला, दुरुस्तीला कुणाला पत्र गेलं, कधी दुरुस्त झाला, या तिन्हींच्या नोंदींच्या प्रती मागा. उत्तर मिळाल्यापासून ३० दिवसांत पहिलं अपील करायचं, तारीख हुकवू नका. मोबाईल २२ दिवस कुणाच्या ताब्यात होता, तेही वेगळं विचारा. काकांच्या एसटीच्या तिकिटाचे तुकडे सापडले तर जपून ठेवा.

माणदेशी

तिकिटं सदऱ्याच्या खिशात होती. काकूनं सदरा धुतला, पण काकांनी आधी काढून ठेवली होती. जाताना सकाळी दहा पन्नासचं, येताना रात्री नऊ पाचचं. उद्या अपिलाला जोडतो.